शाहिराचा आवाज जपू या
(वर्धापनदिनी विहारात कलापथकाच्या वतीने केलेले भाषण)



आमच्या कलापथकाला दोन शब्द बोलायला सांगितलंय. आम्ही गाणारी माणसं, भाषणाची सवय नाही. म्हणून एका गाणाऱ्याविषयीच बोलतो.

शाहीर विलास घोगरे मुलुंडच्या झोपडपट्टीत राहत. मुंबईत झोपड्या पाडल्या जात होत्या, त्यावर आनंद पटवर्धन यांनी १९८५ साली 'हमारा शहर' हा माहितीपट काढला. त्यात घोगरे गातात. ते सोंग नव्हे. झोपडीत राहणारा माणूस झोपडीचंच दुःख गातो आहे.

पुढे ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेधाला जमलेल्या आपल्या माणसांवर राज्य राखीव पोलिसांनी गोळ्या झाडल्या. दहा जीव गेले. शाहिराला ते सोसवलं नाही. १५ जुलैला त्यांनी स्वतःचं आयुष्य संपवलं. बांधवांनो, हा मार्ग आपला नव्हे. मन कोंडलं तर विहारात या, माणसांशी बोला.

त्या घटनेपासून पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केलं, ते चौदा वर्षं चाललं. २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पुरा झाला. त्यात गोळीबारात गेलेल्यांची घरं आहेत, वस्तीवस्तीतले गायक आहेत आणि जुन्या चित्रणातले घोगरेही आहेत. त्या वेळी कुणीतरी त्यांचं गाणं टिपून ठेवलं, म्हणून आज आपली पोरं त्यांना पाहू शकतात.

आता आपलंच बघा. आमच्या पथकातले थोरले गायक महाडच्या चवदार तळ्याचा प्रसंग उभा करीत. २० मार्च १९२७ चा तो दिवस! त्यांनी नुसती ओंजळ पुढं केली की बायाबापड्यांचे डोळे भरून येत. ते गेले. त्यांच्या आवाजाची एकही कॅसेट आमच्याकडे नाही. लग्नांच्या कॅसेटी भरल्या, पण त्यांना कुणी म्हटलं नाही, "बाबा, जरा बसा, तुमचं गाणं भरून घेतो." चूक आमचीच आहे.

आज घरोघरी मोबाइल आहे. येत्या वर्षावासात प्रत्येक कुटुंबानं आपल्या आजी-आजोबांचं एक तरी भीमगीत, एक तरी आठवण भरून घ्यावी. सोबत त्यांचं नाव, गाव आणि साल लिहावं. ते सारं विहारात जपायची जबाबदारी आम्ही घेतो.

जयभीम! नमो बुद्धाय!