खांदा निखळला, तर लपवू नका

कोरमंगलातून बोलतोय. मी डॉक्टर नाही, पायदळातला निवृत्त अधिकारी आहे. पण जवानांचे निखळलेले खांदे पुष्कळ पाहिलेत. सातारा, कोल्हापूर, बेळगावकडची भरतीची तयारी करणारी काही मुलं हे दुखणं घरीसुद्धा सांगत नाहीत. आजचं बोलणं त्यांच्यासाठी.

खांदा हा शरीरातला सर्वांत मोकळा सांधा. पण त्याची वाटी उथळ असते. दंडाच्या हाडाच्या गोळ्याचा पाव ते एक तृतीयांश भागच तिला टेकलेला असतो. बाकीचा भार वाटीच्या काठावरची कूर्चेची कडा, अस्थिबंध आणि स्नायू सांभाळतात. हात उचललेला असताना झटका बसला, की गोळा पुढे सरकतो आणि जाताजाता ती कडा फाडतो. ब्रिटिश शल्यविशारद बँकार्ट यांनी १९२३ मध्ये या जखमेवर लिहिलं. कडा पुन्हा हाडाला शिवण्याच्या शस्त्रक्रियेला आजही त्यांचंच नाव आहे. आता ती बहुधा दुर्बिणीतून होते.

खांदा जागेवर बसला म्हणजे फाटलेलं सांधलं, असं नाही. विशीच्या आतल्या मुलांत तो पुन्हा निखळण्याचा धोका फार. वारंवार निखळला की वाटीचं हाड झिजत जातं. ते फार झिजलं की नुसते टाके पुरत नाहीत. मग फ्रान्सच्या लातार्जे यांनी १९५४ मध्ये मांडलेली शस्त्रक्रिया करतात. खांद्याच्या पुढच्या बाजूचा हाडाचा तुकडा, त्याला जोडलेल्या स्नायूंसकट, वाटीच्या काठाला स्क्रूने बसवतात. उशीर केला की काम असं वाढतं.

श्रेयस अय्यर आठवतो? २३ मार्च २०२१, पुण्याजवळचं गहुंजे. इंग्लंडविरुद्ध चेंडू अडवताना त्याचा डावा खांदा निखळला. एप्रिलमध्ये शस्त्रक्रिया झाली, सप्टेंबरात तो मैदानावर परतला आणि नोव्हेंबरात कानपूरला कसोटी पदार्पणातच १०५ धावा काढल्या. मधल्या महिन्यांत टाळ्या नसतात. आधी चार ते सहा आठवडे हात झोळीत, मग फिजिओथेरपी. कबड्डी, कुस्तीला साधारण सहा महिने तरी थांबावं लागतं. खांदा आखडणं, नसेला इजा, पुन्हा निखळणं, हे धोकेही असतात. ते डॉक्टरांना आधीच विचारा.

खांदा निखळला तर मैदानावर कुणालाही हात ओढू देऊ नका. हाड मोडलेलं असू शकतं, नस दुखावू शकते. हात आहे तसा बांधा, रुग्णालय गाठा, एक्स-रे काढा.

आणि भरतीचं खरं सांगतो. वारंवार निखळणारा खांदा वैद्यकीय तपासणीत अपात्र ठरतो. म्हणूनच मुलं लपवतात. पण दोरावर चढताना तो खांदा निसटला, तर खाली उभा असलेला जोडीदारही संकटात येतो. बाळांनो, वर्दी घालायची ती त्याच्या भरवशावर. पहिल्याच वेळी घरी सांगा, डॉक्टरांना दाखवा. भरती हुकली तरी आयुष्यभर कामाला येणारा हात शाबूत राहील.

जय हिंद.