शाळेवाचून आलेली विद्यार्थिनी

शाळेत न गेलेल्या मुलीचा महाविद्यालयात निभाव लागेल का, असे मला पुष्कळजणी विचारतात. घरी शिकून, बाहेरून परीक्षेला बसून आलेली एक मुलगी माझ्या वर्गात आहे. विश्वाचे वय सुमारे १३८० कोटी वर्षे, दिसणाऱ्या विश्वाची कड मात्र ४६०० कोटी प्रकाशवर्षांवर, असे मी सांगितले. शाळेतून आलेल्यांनी आकडे मुकाट्याने उतरवून घेतले. (सवयच ती!) हिने विचारले, "बाई, एवढ्या काळात ती कड इतकी लांब कशी गेली?" प्रकाश वाटेत असताना अवकाशच ताणले गेले, आंबलेले पीठ फुगावे तसे. १९३० च्या सुमारास दूरची तारकाविश्वे किती वेगाने लांब जातात हे हबलच्या जोडीने मोजणाऱ्या मिल्टन ह्यूमसनने चौदाव्या वर्षी शाळा सोडली होती. माउंट विल्सनच्या त्याच डोंगरावर तो आधी खेचरे हाकीत असे.