तोल जातो तेव्हा



विज्ञानसाहित्याच्या या संमेलनात एका मेकॅनिकलच्या मास्तराला अध्यक्षाच्या खुर्चीत बसवण्याचं धाडस आपण केलंत, त्याबद्दल मनापासून आभार. नोकरीची पस्तीस वर्षं मी एकाच प्रश्नामागे घालवली: माणूस उभा कसा राहतो? आमचे एक काका दर दिवाळीला विचारायचे, ‘अरे, यात शोधायचं काय? पायांवर राहतो!’

आमच्या प्रयोगशाळेच्या जमिनीत पाटाएवढी फोर्स प्लेट, म्हणजे पायांचा जोर मोजणारी पट्टी, बसवलेली आहे. नव्या विद्यार्थ्याला मी तिच्यावर अनवाणी उभं करतो आणि सांगतो, तीस सेकंद अजिबात हलू नकोस. तो बिचारा श्वास रोखून उभा राहतो. मग त्याला पडदा दाखवतो. तिथे मांजरानं खेळून टाकलेल्या लोकरीसारखा गुंता असतो. तळपायाखालचा दाबाचा मध्य क्षणभरही एका जागी राहिलेला नसतो. शरीर घोट्यातून किंचित पुढे झुकतं, पोटऱ्या त्याला मागे खेचतात, ते पुन्हा झुकतं.

हा गुंता उलगडणाऱ्यांत कॅनडाचे प्राध्यापक डेव्हिड विंटर यांचा मान मोठा. मूळचे विद्युत अभियंते. क्वीन्स विद्यापीठात शिकले, मग शरीरक्रियाविज्ञानाकडे वळून डलहौसीत डॉक्टरेट केली, विनिपेगच्या रुग्णालयात काम केलं आणि १९७४पासून वॉटर्लू विद्यापीठात शिकवलं. त्यांनी माणसाकडे इंजिनिअरच्या नजरेनं पाहिलं. आपल्या वजनाचा दोन तृतीयांश भाग उंचीच्या दोन तृतीयांशावर पेललेला आहे. म्हणजे ही रचना मुळातच पडायला टपलेली. तळहातावर काठी उभी धरणारं पोर आठवा. काठी जिकडे कलते, तिकडे त्याचा हात तिच्याही पुढे धावतो, तेव्हा कुठे ती सावरते. पायाखालचा दाबाचा मध्य नेमकं हेच करतो. चालताना तर सुमारे ८० टक्के वेळ आपण एकाच पायावर असतो, आणि तेव्हा शरीराचा गुरुत्वमध्य त्या पावलाच्या वर नसतोच, आतल्या अंगाला असतो. पुढचं पाऊल वेळेवर पडतं म्हणून निभावतं. पाय पुढे नेताना चवडा जमिनीपासून जेमतेम सेंटिमीटरभर वर असतो. घरातल्या उंबरठ्यांशी हा हिशेब एकदा ताडून पाहा.

हे सगळं मी वर्गात शिकवत होतो, तेव्हाची गोष्ट. माझी आई पहाटे न्हाणीघराच्या दारात पडली. मी लगेच फरशी बदलली, खरखरीत टाइल्स बसवल्या, भिंतीला दांडी लावली. दोन महिन्यांनी ती पुन्हा तिथेच पडली. डॉक्टरांनी तिचा रक्तदाब आधी झोपवून घेतला, मग उभं करून घेतला. उभं राहताच तो झरकन उतरत होता. घरी येताना रिक्षात ती म्हणाली, ‘अरे, मी पहिल्या दिवसापासून सांगतेय, उठलं की अंधारी येते. मी घसरले, असं कधी म्हणाले?’

खरंच नव्हती म्हणाली. मी प्लेटवरचा गुंता वाचायला शिकलो होतो, आईचं वाक्य ऐकायला नाही.

तेव्हापासून मी माणसांचे शब्द वहीत जसेच्या तसे लिहितो. ‘गरगरतं’ म्हणणाऱ्याच्या कानाच्या आतली यंत्रणा तपासून घ्यावी लागते. ‘ठेच लागते’ म्हणणाऱ्याचा चवडा पुरेसा उचलला जात नसतो. ‘गुडघा सोडतो’ म्हणणाऱ्याच्या मांडीचे स्नायू पाहायचे. ‘पायाखाली गादी असल्यासारखी वाटते’ म्हणणाऱ्याला आधी मधुमेहाचं विचारायचं. तळव्यांची संवेदना गेली की जमीन कळेनाशी होते. शब्दावरून निदान होत नाही. पण चाचणीला सुरुवात कुठून करायची, ते कळतं. आणि केसपेपरवर या सगळ्यांची मिळून एकच नोंद होते: ‘चक्कर’.

मित्रहो, मराठीत विज्ञान आणायचं म्हणजे इंग्रजी संज्ञांना प्रतिशब्द घडवायचे, असं आपण धरून चाललो. ते कामही हवंच. पण ज्या भाषेत अंधारी, भोवळ, झोक, ठेच, लटपट असे वेगवेगळे शब्द आहेत, तिच्यात निरीक्षण आधीच झालेलं आहे. ते ज्यांनी केलं, त्यांच्याकडे फोर्स प्लेट नव्हती. घरात पडणारी माणसं होती. आपल्यापैकी जे लिहितात, त्यांना माझी एकच विनंती आहे. पडलेल्या माणसाला ‘कसे पडलात?’ एवढं विचारा आणि उत्तर न सुधारता लिहून घ्या. माझ्यासारखा कुणी इंजिनिअर फरशी फोडायला निघाला असेल, तर तो कागद आधी त्याच्या हातात द्या.

इतका वेळ मी इथे उभा आहे आणि आपल्याला अगदी स्थिर दिसलो असेन. पायाखाली प्लेट नाही, हे माझं भाग्य. गुंता उघड होण्याआधी खाली बसतो.