जात पडताळणीतील विलंब आणि न्यायालयीन दाद

(पंचायत सदस्य, शिक्षक व अधिकारी यांच्यासमोर दिलेले भाषण)



निर्णयास उशीर झाला तर फाईल कपाटात सुरक्षित राहते, परंतु संधी कोणासाठी थांबत नाही. जातीच्या दाखल्याची पडताळणी हे याचे ठळक उदाहरण होय. सक्षम प्राधिकाऱ्याने दिलेला दाखला हा पहिला टप्पा. त्याची सत्यता तपासून समितीने दिलेले वैधता प्रमाणपत्र हा दुसरा. या दुसऱ्या टप्प्यावर प्रकरण रेंगाळले की विद्यार्थ्याचा प्रवेश, उमेदवाराची नेमणूक आणि लोकप्रतिनिधीचे पद, तिन्ही टांगणीला लागतात.

ही तपासणी अनावश्यक मुळीच नाही. खोट्या दाखल्यावर मिळविलेली प्रत्येक जागा खऱ्या हक्कदाराच्या ताटातील घास असते. म्हणूनच कुमारी माधुरी पाटील प्रकरणी २ सप्टेंबर १९९४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तपासणी समित्या व दक्षता पथके यांची चौकट आखून दिली. मात्र त्याच निकालात, चौकशी शक्यतो दररोज चालवून दोन महिन्यांच्या आत पूर्ण करावी, असेही सांगितले आहे. पहिला भाग आपण लक्षात ठेवतो. दुसऱ्याचा विसर पडतो.

पुढे राज्याने यासाठी स्वतंत्र अधिनियम केला व तो १८ ऑक्टोबर २००१ पासून अंमलात आला. त्यानुसार जात सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर आहे. समितीचा निर्णय अंतिम असून त्याविरुद्ध दाद केवळ संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयातच मागता येते. दिवाणी दावा चालत नाही.

पण समिती निर्णयच देत नसेल तर? तेव्हाही मार्ग हाच. उच्च न्यायालयात रिट अर्ज करून परमादेशाची मागणी करता येते. येथे एक गैरसमज दूर करावयास हवा. अशा अर्जावर न्यायालय समितीच्या जागी बसून सहसा प्रमाणपत्र देत नाही; ठराविक मुदतीत निर्णय द्या, असा आदेश देते. दरम्यान प्रवेश वा नोकरी धोक्यात असल्यास अंतरिम संरक्षण मागता येते; ते द्यावे की नाही, हे न्यायालयाच्या विवेकाधीन असते.

पंचायत सदस्यांनी विशेष सावध राहावे. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १०-१अ मधील मुदतीत वैधता प्रमाणपत्र सादर न केल्यास पद आपोआप जाते. अशाच स्वरूपाची तरतूद बंधनकारक असल्याचे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये ठरविले व सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये त्यावर शिक्कामोर्तब केले. उशीर समितीचा होता, ही सबब मुदत संपल्यावर उपयोगी पडत नाही. सबब दाद मागावयाची ती मुदत संपण्यापूर्वीच.

न्यायालयात जाण्याआधी हाताशी काय असावे? अर्जाची पोच, त्रुटींची पूर्तता केल्याचा पुरावा, लेखी स्मरणपत्रांच्या प्रती आणि प्रवेशाची वा रुजू होण्याची अंतिम तारीख दाखविणारा कागद. प्रकरण कोठे अडले, हे माहितीच्या अधिकाराखाली विचारता येते. अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, स्त्रिया व बालके यांना १९८७ च्या कायद्यान्वये मोफत विधी साहाय्याचा हक्क आहे; वकिलाच्या खर्चाच्या भीतीने त्यांनी मागे राहू नये.

शिक्षक बंधुभगिनींनो, शाळेच्या जनरल रजिस्टरमधील जुनी नोंद अनेकदा निर्णायक ठरते. ते रजिस्टर जपणे व उतारा वेळेवर देणे ही समाजसेवाच होय. पालकांनाही सांगावे की, निकाल लागल्यावर धावपळ करण्यापेक्षा अर्ज आधीच्या वर्षीच करावा.

अधिकारी मित्रांना एवढीच विनंती की, दावा खरा नसेल तर कारणे देऊन तो अमान्य करावा. अर्जदाराला पुढची वाट तरी मोकळी होते. नकाराविरुद्ध गुणदोषांवर दाद मागता येते. मौनाविरुद्ध मात्र आधी निर्णय मिळविण्यासाठीच भांडावे लागते. जो निर्णय आपण आपल्या टेबलावर देऊ शकतो, त्यासाठी गरीब माणसाला उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागू नये.