ऐकणाऱ्याचं भान



मघाशी क्रीडास्पर्धांची बक्षिसं देताना तुमच्या निवेदिकेने प्रत्येक खेळाडूचं नाव, वर्ग आणि गाव न अडखळता सांगितलं. म्हणून आज खेळणाऱ्यांऐवजी खेळ सांगणाऱ्या एका माणसाबद्दल बोलतो: अमेरिकेचे जिम मॅके.

मॅके मूळचे वर्तमानपत्राचे बातमीदार. १९४७ साली बाल्टिमोर शहरात दूरचित्रवाणी आली, तेव्हा तिच्यावरून सर्वांत आधी ऐकू आला तो त्यांचा आवाज. १९६१पासून ‘वाइड वर्ल्ड ऑफ स्पोर्ट्स’ या कार्यक्रमासाठी ते जगभर फिरले. कुणी स्केट्स घालून बर्फावर ओळीने मांडलेल्या पिंपांवरून उडी मारी, कुणी अकापुल्कोच्या कड्यावरून समुद्रात सूर मारी. मॅके यांनी कुणाची टिंगल केली नाही. हा माणूस कोण, कुठला, हे ते आस्थेने सांगत.

सप्टेंबर १९७२. मुंबई दूरदर्शन सुरू व्हायला अजून महिना होता. म्युनिक ऑलिंपिकमध्ये अतिरेक्यांनी इस्रायली पथकावर हल्ला करून त्यातल्या लोकांना ओलीस धरलं. ऑलिंपिकच्या प्रक्षेपणासाठी तिथे आलेल्या मॅके यांचा तो सुट्टीचा दिवस. पोहायच्या चड्डीवरच कपडे चढवून ते स्टुडिओत पोचले आणि रात्री उशिरापर्यंत बोलत राहिले. ओलीस सुटल्याची बातमी मध्यरात्री पसरली. ती खोटी ठरली.

पथकातला वेटलिफ्टर डेव्हिड बर्गर मूळचा अमेरिकेतल्या ओहायोचा. त्याचे आईवडील टीव्हीसमोर बसले असतील, मुलगा आहे की गेला हे त्यांना आपल्याच तोंडून कळणार, हे मॅके यांच्या मनात सतत होतं. खात्रीची बातमी हाती आली तेव्हा त्यांनी मोजक्या शब्दांत सांगितलं: दोघे आदल्या सकाळी गेले, नऊ जण विमानतळावर, कुणीही वाचलं नाही. आवाज चढवला नाही. त्या कामासाठी त्यांना क्रीडा आणि बातम्या, दोन्ही विभागांतले दूरचित्रवाणीचे एमी पुरस्कार मिळाले. एकूण बारा ऑलिंपिक त्यांनी प्रेक्षकांपर्यंत पोचवली. २००८ साली ते गेले.

मित्रांनो, निवेदक तुमच्यापैकी दोघं-चौघं होतील. पण मोबाइलवरून बातमी पुढे धाडणारे आपण सगळेच आहोत. अपघाताची, भांडणाची, कुणाच्या बदनामीची बातमी आली की आधी एवढंच विचारा: ही खरी आहे का, आणि त्या माणसाच्या आईने वाचली तर?

विजेत्यांचं अभिनंदन. आता पडदा उघडू दे. तुमच्या नाटकाची मीही वाट पाहतोय.