भुताच्या छातीवरचा शब्द

भूत पळवायचे आपल्याकडे अनेक उपाय आहेत. कुणी अंगारा लावतो, कुणी ताईत बांधतो. अंगाऱ्यामागे मंत्र असतो, ताइतात दुआ असते. म्हणजे शेवटी काम शब्दांवरच सोपवलेलं. जपानच्या सेगा कंपनीने तेच काम कीबोर्डवर सोपवलं आणि एक व्हिडिओ गेम काढला. त्याचं नाव ‘द टायपिंग ऑफ द डेड’.

मूळ खेळ १९९८ सालचा, ‘द हाउस ऑफ द डेड २’. त्यात खोट्या पिस्तुलाने चालत्या प्रेतांवर गोळ्या झाडायच्या. १९९९ मध्ये सेगाने त्याच खेळातलं पिस्तूल काढलं आणि यंत्राला दोन कीबोर्ड जोडले. २००० साली तो जपानमध्ये सेगाच्याच ड्रीमकास्ट या घरगुती यंत्रावर आला, पुढे इंग्रजीतही. पडद्यावरचे नायक हे यंत्र पाठीवर बांधून, पेटीवाल्यासारखा कीबोर्ड गळ्यात अडकवून, गंभीर चेहऱ्याने भुतांमागे धावतात. इथेच हसू फुटतं.

माझ्या भाच्याने मला हा खेळ दाखवला. प्रेत अंगावर येतं, त्याच्यासमोर एक शब्द उमटतो. प्रत्येक बरोबर अक्षर म्हणजे एक गोळी. शब्द पूर्ण झाला की प्रेत कोसळतं. कुणी काही फेकून मारलं तर त्यावर एकच अक्षर असतं. तेवढं टिपलं की वार चुकतो. मोठ्या राक्षसाला अख्खी वाक्यं लागतात. शब्दांचा त्या भीषण प्रसंगाशी बहुधा काडीचा संबंध नसतो. भाचा घाईने कळा बडवू लागला, तर चुकीचं अक्षर यंत्र घेईचना! मी ओठांतल्या ओठांत शब्द वाचत होतो. तो ओरडला, “मामू, तुम्ही वाचू नका हो, मला भीती वाटते!”

मला आमचा टायपिंग क्लास आठवला. बी.ए. करताना मी तालुक्याच्या गावी जात असे. लिपिकाच्या नोकरीसाठी मिनिटाला मराठी ३० किंवा इंग्रजी ४० शब्दांचं प्रमाणपत्र लागे. ‘ए एस डी एफ’ घोकत वीस मशिनं एकदम खडखडत. अक्षर चुकलं की सरांची पट्टी बोटांवर. तिथे भीती खरी होती. घरी बहिणींची लग्नं व्हायची होती आणि त्या प्रमाणपत्राकडे सगळ्यांचे डोळे लागलेले. पट्टीच्या धाकाने आखडलेली बोटं आणखी चुकत. काही मुलं महिनाभरात क्लास सोडून गेली.

भीती या खेळातही आहे, पण ती हसण्यावारी नेलेली. हरलं तरी पुन्हा सुरुवात करता येते. टप्पा संपल्यावर वेग किती, अचूकता किती, याचा हिशेब समोर येतो. पट्टी कुणी उगारत नाही. घाबरून कळा बडवणारा हरतो, संकट अंगावर आलेलं असतानाही एकेक अक्षर शांतपणे टिपणारा जिंकतो. बोटांना वळण लागतं ते या शांतपणामुळे.

ड्रीमकास्टचं उत्पादन २००१ मध्ये थांबलं, पण ही कल्पना टिकली. २०१३ मध्ये ‘द टायपिंग ऑफ द डेड: ओव्हरकिल’ संगणकावर आला. भाच्याला मी म्हटलं, असा एखादा खेळ मराठीतही हवा. भुताच्या छातीवर ‘ज्ञानेश्वरी’ किंवा ‘झुणका-भाकर’ असं लिहिलेलं असावं. जोडाक्षरं आपोआप पाठ होतील, आणि कुणाच्या बोटांवर वळ उठणार नाहीत.