मनोरुग्णालयाची भिंत आणि कॅमेरा



शासकीय संस्थेच्या दाराशी चित्रपटाचा कॅमेरा आला, तर त्यास किती वाव द्यावा, हा माहिती खात्यातील आम्हा मंडळींपुढील नेहमीचा प्रश्न. मनोरुग्णालयाच्या बाबतीत तो अधिकच नाजूक होतो. त्या दृष्टीने अमेरिकेतील एका अनुबोधपटाची हकीकत विचारात घेण्याजोगी आहे.

मॅसॅच्युसेट्स राज्यातील ब्रिजवॉटर येथील मनोरुग्णालयाचा कारभार तुरुंग खात्याकडे होता. १९६६ साली फ्रेडरिक वाइजमन यांनी अधीक्षकांच्या संमतीने तेथे २९ दिवस चित्रण केले. त्यातून ‘टिटिकट फॉलीज’ हा ८४ मिनिटांचा कृष्णधवल अनुबोधपट सिद्ध झाला. त्यात निवेदन नाही, टीकाटिप्पणी नाही. विवस्त्र रुग्णाला तेच तेच विचारून डिवचणारे पहारेकरी दिसतात. नाकावाटे नळी घालून रुग्णास बळाने अन्न देणारे डॉक्टर दिसतात; त्यांच्या तोंडात सिगारेट तशीच असते. ‘मी येथे राहून अधिकच बिघडत चाललो आहे’, असे एक रुग्ण कळवळून सांगतो. डॉक्टर त्याचे औषध वाढवितात.

१९६७ मध्ये चित्रपट प्रदर्शित होण्याच्या सुमारास राज्य सरकारने न्यायालयात धाव घेतली. रुग्णांच्या खाजगीपणाचा भंग झाला, हे मुख्य कारण. १९६८ मध्ये न्यायाधीशांनी प्रदर्शनास मनाई करून प्रती नष्ट करण्याचा आदेश दिला. १९६९ मध्ये वरिष्ठ न्यायालयाने तो सौम्य केला व वकील, डॉक्टर, समाजसेवक, विद्यार्थी आदींना पाहण्याची मुभा दिली. सर्वसामान्य प्रेक्षकांवरील बंदी उठण्यास १९९१ साल उजाडले.

सरकारचा आक्षेप निराधार नव्हता. पडद्यावरील अनेक रुग्णांची लेखी संमती नव्हती, आणि विवस्त्र अवस्थेत जगापुढे येणे कोणास रुचेल? परंतु त्या माणसाला विवस्त्र ठेवले कॅमेऱ्याने नव्हे, संस्थेने. रुग्णाच्या अब्रूची ढाल पुढे करून प्रशासनाने आपली अब्रू झाकली, असाही अर्थ त्यातून निघतो.

आपल्या मानसिक आरोग्यसेवा अधिनियम, २०१७ मध्ये या दोन्ही बाजूंचा विचार आहे. कलम २४ अन्वये उपचार घेणाऱ्या व्यक्तीचे छायाचित्र तिच्या संमतीवाचून प्रसारमाध्यमांना देता येत नाही. कलम २० अन्वये तिला क्रूर वागणुकीपासून संरक्षण व पुरेशा वस्त्रांचा हक्क आहे, आणि सक्तीच्या केशवपनास मनाई आहे. पहिले कलम दाखवून दुसऱ्यावर पडदा टाकणे, हा कायद्याचा हेतू खचितच नव्हे.

ठाणे, पुणे, नागपूर व रत्नागिरी येथील प्रादेशिक मनोरुग्णालयांत आपल्याच गावांतील माणसे उपचारासाठी जातात. म्हणून उद्या एखाद्या चित्रणास नकार देण्याची वेळ आली, तर संबंधित अधिकाऱ्याने स्वतःस एवढेच विचारावे : या नकाराने मी रुग्णाचे रक्षण करीत आहे, की माझ्या कार्यालयाचे? उत्तर दुसरे असेल, तर कॅमेरा अडविण्यापूर्वी आतील व्यवस्था सुधारणे हेच कर्तव्य ठरते. सरपंच व शिक्षक बंधुभगिनींनीही गावातून गेलेल्या रुग्णाची अधूनमधून विचारपूस करावी. त्यासाठी चित्रपटाची वाट पाहण्याचे कारण नाही.